घराचे दार आणि सभासदाचा हक्क

ज्युबिली हा शब्द आपण हल्ली आनंदोत्सवाच्या अर्थी वापरतो; तथापि त्याचे मूळ जमिनीच्या व घराच्या कायद्यात आहे, ही गोष्ट फार थोड्यांच्या ध्यानी असते. जुन्या करारातील लेवीय या ग्रंथाच्या पंचविसाव्या अध्यायात पन्नासाव्या वर्षाचा, म्हणजे योबेल वर्षाचा विधी सांगितला आहे. त्या वर्षी शिंग फुंकले जाई आणि कर्जापायी विकली गेलेली शेते मूळ कुळाकडे परत जात. घरांच्या बाबतीत मात्र तेथे एक सूक्ष्म भेद केलेला आढळतो. तटबंदीच्या नगरातील घर विकले, तर विकणाऱ्यास ते एक वर्षाच्या आत सोडवून घेता येई. वर्ष उलटले की ते विकत घेणाऱ्याचे कायमचे होई आणि योबेल वर्षीही परत येत नसे. ज्या खेड्यास तट नसे, तेथील घर मात्र शेतासारखेच गणले जाई व योबेल वर्षी मूळ धन्याकडे परत जाई. सारांश, घर कोणाचे आणि त्यात कोणी राहावे, याचा निवाडा नुसत्या पैशाने होत नसतो. ते घर तटाच्या आत आहे की बाहेर, हेही पाहावे लागते, हा विचार फार प्राचीन आहे.

आजच्या काळी दगडी तट उरले नाहीत, पण कायद्याचे तट आहेत, आणि त्यांपैकी सहकारी गृहनिर्माण संस्था हा एक मोठा तट होय. थळ ते मुंबई ही वाट आपल्या लोकांस नवीन नाही. मांडव्याहून बोटीने खाडीपार जाऊन चाकरी करणारे व पुढे तेथेच बिऱ्हाड करणारे लोक या किनाऱ्यावरील गावोगावी सापडतात. सांप्रत अलिबागच्या आसपासही सदनिकांच्या इमारती उभ्या राहात आहेत. यास्तव ‘या संस्थेचा सभासद होण्यास कोण पात्र?’ हा प्रश्न आता आपल्या उंबरठ्यापर्यंत आला आहे. त्याचा इतिहास या स्मरणिकेच्या वाचकांपुढे मांडावा, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

प्रथम ‘सभासद’ या शब्दाचा अर्थ नीट समजून घेतला पाहिजे. ज्या संस्थेच्या नावे जमीन व इमारत असते, तेथे राहणारा मनुष्य भिंतींचा स्वतंत्र धनी नसतो. तो संस्थेचा भाग घेतो, त्यामुळे सभासद होतो, आणि सभासद म्हणून त्यास त्या खोल्यांत राहण्याचा हक्क मिळतो. हा हक्क क्षुल्लक नाही. सांताक्रूझ येथील एका सदनिकेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७५ साली असे ठरविले, की हा हक्क हस्तांतरित होण्याजोगी मालमत्ता असून ऋणकोच्या देण्यापोटी त्यावर जप्तीही आणता येते. तरीसुद्धा सभासदत्व नसेल तर तो हक्क लंगडा राहतो. घराची किंमत चुकती केली, किल्ली हाती आली, परंतु संस्थेने सभासद करून घेतले नाही, तर तो मनुष्य आपल्याच घरात पाहुण्यासारखा राहतो. म्हणूनच सभासदत्वाचा तंटा हा वरवर कागदाचा दिसला, तरी वस्तुतः तो छपराचा तंटा असतो.

आता या संस्थांचा उगम पाहू. हिंदुस्थानात १९०४ साली सहकाराचा पहिला कायदा झाला तो केवळ पतपेढ्यांसाठी. १९१२ च्या कायद्याने इतर प्रकारच्या संस्थांस वाट मोकळी केली. १८९६ च्या प्लेगानंतर मुंबईतील गर्दीच्या वस्त्या किती घातक आहेत हे सर्वांस दिसून आले होते; पुढे महायुद्धाच्या काळात भाडी इतकी चढली की सरकारास १९१८ साली भाडेनियंत्रणाचा कायदा करावा लागला. अशा समयी पगारदार मध्यमवर्गाने आपले घर आपणच बांधावे, हा विचार पुढे आला. १९१५ साली श्रीपाद सुब्राव तालमकी यांच्या खटपटीने गावदेवी येथे सारस्वत सहकारी गृहनिर्माण संस्था स्थापन झाली. आशिया खंडातील अशा प्रकारची पहिली संस्था म्हणून तिचा उल्लेख केला जातो. लागलीच १९१८ साली एफ. ए. सी. रिबेलो यांच्या पुढाकाराने वांद्रे येथे सालसेट कॅथोलिक सहकारी गृहनिर्माण संस्था अस्तित्वात आली. पाठोपाठ इतर ज्ञातींनी व समाजांनीही तोच कित्ता गिरविला.

या संस्था आपापल्या समाजापुरत्याच का राहिल्या, असा प्रश्न आजच्या वाचकास पडेल. त्याचे उत्तर द्वेषात शोधणे अन्यायाचे होईल. सहकार हा विश्वासावर चालतो. दहा माणसांनी मिळून कर्ज काढावयाचे, एकाने हप्ता चुकविला तर नऊ जणांनी तो भरावयाचा, अशा व्यवहारात मनुष्य ओळखीचाच सोबती शोधतो. आणि त्या काळी ओळख म्हणजे ज्ञाती, धर्म अथवा गाव. पोप तेरावे लिओ यांनी १८९१ च्या ‘रेरुम नोवारुम’ या परिपत्रकात कष्टकरी लोकांनी आपली मंडळे स्थापून परस्परांस साह्य करावे, असा उपदेश केला होता. त्याचाही प्रभाव पुढील काळात अनेक देशांतील कॅथोलिक सहकारी चळवळींवर पडला. तथापि सहकाराची दुसरीही एक परंपरा आहे. १८४४ साली इंग्लंडातील रॉचडेल गावी विणकर आदी कष्टकऱ्यांनी जे दुकान काढले, त्यांच्या नियमांत धर्म व राजकारण यांविषयी तटस्थता हे एक तत्त्व मानले गेले. आंतरराष्ट्रीय सहकारी संघाने १९९५ साली जी तत्त्वे नव्याने मांडली, त्यांत खुले व ऐच्छिक सभासदत्व हे पहिले तत्त्व असून लिंग, सामाजिक दर्जा, वंश, राजकारण वा धर्म यांवरून भेद करू नये, असे स्पष्ट म्हटले आहे. आपल्या माणसांस आसरा द्यावा हा एक धागा, आणि दार सर्वांस उघडे ठेवावे हा दुसरा. सहकाराच्या वस्त्रात हे दोन्ही धागे आरंभापासून विणलेले आहेत. कोर्टातील तंटे या दोन धाग्यांच्या ओढाताणीतूनच निघाले.

या ओढाताणीचा सर्वांत प्रसिद्ध खटला अहमदाबादेचा. तेथील झोरोस्ट्रियन सहकारी गृहनिर्माण संस्था १९२६ साली, मुंबई इलाख्याच्या १९२५ च्या सहकारी संस्था कायद्याखाली नोंदली गेली. तिच्या उपविधींप्रमाणे सभासदत्व पारशी समाजापुरते मर्यादित होते. पुढे एका सभासदाने आपली जागा पारशी नसलेल्या बांधकाम व्यावसायिकास देण्याचे मनात आणले. संस्थेने हरकत घेतली. सभासदाचे म्हणणे असे, की ही अट म्हणजे माझ्या मालमत्तेवर घातलेले अन्याय्य बंधन आहे आणि धर्मावरून भेद करणे हे राज्यघटनेच्या तत्त्वाविरुद्ध आहे. गुजरात उच्च न्यायालयाने सभासदाच्या बाजूने निर्णय दिला. संस्था सर्वोच्च न्यायालयात गेली, आणि १५ एप्रिल २००५ रोजी न्यायमूर्ती बी. पी. सिंग व न्यायमूर्ती पी. के. बालसुब्रमण्यन यांच्या पीठाने उच्च न्यायालयाचा निर्णय फिरविला.

त्या निवाड्याची कारणे थोडक्यात अशी. नागरिकांस संघ स्थापण्याचा मूलभूत हक्क आहे, आणि आपल्या संघात कोणास घ्यावे हे ठरविणे त्या हक्कातच येते. राज्यघटनेतील भेदभावाविरुद्धची कलमे मुख्यतः राज्यसंस्थेस बांधतात. खाजगी लोकांनी स्वेच्छेने केलेल्या संघास ती त्याच रीतीने लागू होत नाहीत. जो उपविधी वाचून व मान्य करून सभासद होतो, त्यास तो उपविधी कराराप्रमाणे बांधतो. आपल्या समाजातील दुसऱ्या पात्र माणसास घर विकण्याची त्यास मोकळीक असल्यामुळे त्याचा विक्रीचा हक्क सर्वस्वी बुडाला, असे म्हणता येत नाही. ‘लोकहिताचे धोरण’ म्हणजे काय, हे न्यायालयाने आपल्या कल्पनेने ठरवावयाचे नसून सहकार कायद्यातच शोधावयाचे. आणि त्या कायद्यात अशा संस्थेस मनाई नाही. मनाई करावयाची असेल, तर ते काम कायदेमंडळाचे आहे.

या निवाड्याने अनेकांस समाधान झाले व अनेकांस खेद वाटला. त्याची मर्यादा नीट समजावी म्हणून आपल्याच जिल्ह्यातील एका जुन्या खटल्याचे स्मरण करणे उचित होईल. महाड येथील चवदार तळे नगरपालिकेने १९२४ साली सर्वांस खुले केल्याचा ठराव केला होता. तरीही अस्पृश्य मानलेल्या लोकांस तेथे पाणी घेऊ देत नसत. २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी सहस्रावधी लोकांसह त्या तळ्याचे पाणी घेतले. स्पृश्य मंडळींनी दिवाणी दावा लावला. तो मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेला, आणि १९३७ साली न्यायालयाने निर्णय दिला की अस्पृश्यांस वगळण्याची अनादि रूढी वादींस सिद्ध करता आली नाही. म्हणजे ‘पाण्यास पात्र कोण?’ या प्रश्नाचे उत्तर ‘जो कोणी तहानेलेला असेल तो’ असे कोलाबा जिल्ह्याच्या भूमीवर मिळाले. पुढे राज्यघटनेच्या पंधराव्या कलमाने दुकाने, उपाहारगृहे, विहिरी, तलाव, घाट, रस्ते ही स्थळे धर्म, वंश, जात, लिंग वा जन्मस्थान यांवरून कोणास बंद ठेवता येणार नाहीत, असे सांगितले. त्या यादीत खाजगी घर अथवा गृहनिर्माण संस्था यांचा उल्लेख नाही. तळे सार्वजनिक, संस्था खाजगी. महाडचा १९३७ चा निर्णय आणि २००५ चा निवाडा यांतील अंतर हे असे आहे.

त्यानंतरच्या घडामोडीही सांगितल्या पाहिजेत. सत्त्याण्णवाव्या घटनादुरुस्तीने २०१२ पासून ‘सहकारी संस्था’ स्थापण्याचा हक्क मूलभूत हक्कांच्या एकोणिसाव्या कलमात शब्दशः घातला गेला. त्याच दुरुस्तीतील सहकारी संस्थांविषयीचा स्वतंत्र भाग राज्यांच्या विधानमंडळांची संमती न घेतल्याच्या कारणाने, राज्यांतर्गत संस्थांपुरता, सर्वोच्च न्यायालयाने २०२१ साली रद्द ठरविला. एकोणिसाव्या कलमातील तो हक्क मात्र कायम राहिला.

येथपर्यंत लिहिलेल्या, नोंदलेल्या अटींचा विचार झाला. परंतु माझ्या मते याहून मोठा अन्याय न लिहिलेल्या अटींनी होतो. शहरात घर पाहावयास जाणाऱ्या आपल्या लोकांस ‘जागा गेली’, ‘समितीची बैठक झाली नाही’, ‘आमच्या इमारतीत मासे शिजविलेले चालत नाहीत’ अशी उत्तरे ऐकावी लागतात. ज्या किनाऱ्यावर सुकविलेल्या मासळीचा वास हा घरातील सुबत्तेची खूण समजला जातो, तेथील मनुष्यास हे उत्तर किती लागत असेल, हे सांगणे नको. अशा वेळी नुसते खिन्न होऊन परत फिरण्यापूर्वी कायदा काय म्हणतो, हे जाणणे हिताचे आहे.

१९६० च्या महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाच्या तेविसाव्या कलमाप्रमाणे, कायद्यानुसार व उपविधींनुसार पात्र असलेल्या मनुष्यास कोणतीही संस्था पुरेशा कारणावाचून सभासदत्व नाकारू शकत नाही. बाविसाव्या कलमाप्रमाणे नकार द्यावयाचा तर तो कारणांसह कळवावा लागतो, आणि अर्ज मिळाल्यापासून तीन महिन्यांत संस्थेने काहीच निर्णय कळविला नाही, तर अर्जदार सभासद झाला असे मानले जाते. संस्था अर्जच स्वीकारीत नसेल, तर तो पैशांसह निबंधकाकडे देता येतो. नकार मिळाल्यास दोन महिन्यांच्या आत निबंधकाकडे अपील करता येते. याचा मथितार्थ असा, की उपविधीत नसलेली अट समितीच्या मनात असून भागत नाही. ‘पुरेसे कारण’ कागदावर उतरवून दाखविण्याचा भार संस्थेवर पडतो. कुजबुजीने दिलेला नकार कोर्टात उभा करता येत नाही. लेखी अर्ज व त्याची पोच हातात असली, म्हणजे ती कुजबुज उघड्यावर आणता येते. यास्तव आपल्या लोकांनी तोंडी बोलण्यावर विसंबू नये. अर्ज लेखी करावा, तारखेसह पोच घ्यावी, आणि मुदती चुकवू नयेत.

पात्रतेचा आणखी एक तंटा घराघरांत उद्भवतो, तो सभासदाच्या मृत्यूनंतर. संस्थेकडे ज्याचे नाव नामनिर्देशनात दिले, तोच घराचा धनी, अशी सार्वत्रिक समजूत आहे. आणि या समजुतीपायी भावाभावांत व बहीणभावांत आयुष्यभराचे वैर येते. पश्चिम बंगालमधील इंद्राणी वाही यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०१६ साली म्हटले, की संस्थेने नामनिर्देशित व्यक्तीच्या नावे भाग करून द्यावा. परंतु इतर वारसांस आपला मालकी हक्क योग्य न्यायालयात सिद्ध करण्यास मोकळीक आहे. महाराष्ट्राने २०१९ च्या दुरुस्तीने गृहनिर्माण संस्थांसाठी स्वतंत्र प्रकरण घातले, आणि नामनिर्देशित व्यक्तीस वारस निश्चित होईतो केवळ तात्पुरता सभासद मानावे, अशी व्यवस्था केली. नामनिर्देशित मनुष्य हा किल्ली सांभाळणारा आहे; घर वारसांचे. घरातील वडीलधाऱ्यांनी शुद्धीत व सलोख्यात असताना मृत्युपत्र करून ठेविले, तर पुष्कळ अश्रू वाचतील.

आता शेवटचा व अवघड प्रश्न. कॅथोलिक समाज या तंट्यात दोन्ही बाजूंस उभा आहे. वांद्र्याच्या संस्थेसारख्या संस्था आपल्या पूर्वजांनी मोठ्या कष्टाने उभारल्या, आणि त्या आपल्याच लोकांसाठी राहाव्यात असे आपल्यातील अनेकांस वाटते. दुसरीकडे, इतरांच्या दारात धर्मावरून वा ताटातील मासळीवरून आपणांस परत फिरविले, म्हणजे आपण तो अन्याय म्हणतो. कायद्याच्या दृष्टीने या दोन भूमिका एकत्र नांदू शकतील; एक लिहिलेल्या उपविधीवर उभी आहे आणि दुसरी न लिहिलेल्या नकाराविरुद्ध. सदसद्विवेकापुढे मात्र त्या इतक्या सहज नांदत नाहीत. ज्या प्रभूच्या मातेस बेथलेहेमात उतारशाळेत जागा मिळाली नाही, त्याच्या अनुयायांनी ‘जागा नाही’ हे शब्द उच्चारण्यापूर्वी थांबून विचार केला पाहिजे.

कोणी म्हणेल, तट नसेल तर लहान समाज विरघळून जाईल. या भयात तथ्य नाही, असे मी म्हणणार नाही. अहमदाबादच्या पारशी बांधवांच्या मनात तेच भय होते, आणि सर्वोच्च न्यायालयाने त्याची कदर केली. परंतु आपल्या किनाऱ्याचा इतिहास काही वेगळेही सांगतो. रेवदंड्याचा तट पोर्तुगीजांनी बांधला. त्याच्या आत चर्चे, मठ व श्रीमंतांचे वाडे होते. १७४० साली ते ठाणे मराठ्यांकडे गेले आणि तटाच्या आतील बडी मंडळी निघून गेली. खाडीपलीकडील कोर्लईचे गरीब ख्रिस्ती मात्र तेथेच राहिले. त्यांना तट नव्हता, उपविधी नव्हते. शेजारी इतर धर्मांचे लोक होते. तरी त्यांचा धर्म टिकला, आणि पोर्तुगीज व मराठी यांच्या मिश्रणाची त्यांची बोलीही आजतागायत त्यांच्या घरांत ऐकू येते. अलिबागेत इस्रायल आळी आहे. शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून ‘शनवार तेली’ म्हणविले गेलेले बेने इस्रायल लोक शतकानुशतके या भागात शेजाऱ्यांत मिसळून राहिले आणि आपला शब्बाथ पाळीत राहिले. आपल्या माणसांजवळ राहावेसे वाटणे स्वाभाविक आहे. मात्र समाज टिकतो तो मुख्यतः आतल्या श्रद्धेने व परस्परांच्या साह्याने. तटाचे साह्य त्यास थोडेच होते.

म्हणून या ज्युबिलीच्या वर्षी ज्यांच्या हाती संस्थांचा कारभार आहे, अशा आपल्या बांधवांस माझी विनंती आहे. तुमच्या उपविधीत समाजाची अट असेल, तर कायदा तुम्हांस ती ठेवू देतो; परंतु ती अजून कोणास आसरा देते की केवळ कोणास बाहेर ठेवते, याचा विचार सर्वसाधारण सभेत मोकळेपणाने करा. अट नसेल, तर ती मनातही ठेवू नका; आलेला अर्ज घ्या, मुदतीत उत्तर द्या, आणि नकार देणे भागच पडले तर त्याचे कारण सही करून लिहिता येईल असेच असू द्या. ज्या कारणाखाली सही करावयास हात कचरतो, ते कारण देवापुढेही टिकावयाचे नाही.

योबेल वर्षी शिंग वाजे, तेव्हा घर गमावलेले लोक परत येत, आणि त्यांची वाट मोकळी ठेवणे हे तेथे राहणाऱ्यांचे कर्तव्य असे. आपल्या धर्मग्रामातील प्रत्येक घरास शांती लाभो, आणि जे घर शोधीत आहेत त्यांस ते लवकर मिळो, हीच प्रार्थना.